गेम बॉयची कार्ट्रिजेस टीव्हीवर: डिस्क नसलेला गेम बॉय प्लेअर आणि सुपर गेम बॉय

प्रश्न थोडक्यात असा: घरी निन्टेन्डोचा जुना गेमक्यूब कन्सोल आहे, त्याला खालून जोडायचा, गेम बॉयची कार्ट्रिजेस टीव्हीवर चालवणारा गेम बॉय प्लेअर मिळाला आहे, पण त्याच्यासोबतची डिस्क नाही. गेम बॉय, गेम बॉय कलर आणि गेम बॉय ॲडव्हान्स अशी तिन्ही प्रकारची कार्ट्रिजेस आहेत. डिस्कशिवाय हे चालेल का, की सरळ त्याहून जुन्या सुपर निन्टेन्डो कन्सोलसाठी सुपर गेम बॉय घ्यावा?

चालेल, आणि मूळ डिस्कपेक्षा चांगलं चालेल. डिस्क शोधत बसू नका. तुमच्याकडे ॲडव्हान्सची कार्ट्रिजेस आहेत म्हटल्यावर सुपर गेम बॉय हा पर्याय उरतच नाही, कारण ती त्यात बसतही नाहीत. पण जुन्या राखाडी कार्ट्रिजेससाठी सुपर गेम बॉयमध्ये एक खास गोष्ट आहे जी गेम बॉय प्लेअर देत नाही. तिच्याबद्दल पुढे लिहितो.

आधी हे यंत्र काम कसं करतं ते समजून घ्या, म्हणजे पुढच्या सगळ्या सूचनांचा अर्थ लागेल. २००३ साली आलेला गेम बॉय प्लेअर हा एम्युलेटर, म्हणजे सॉफ्टवेअरने केलेली नक्कल, नाही. त्या चपट्या खोक्यात ॲडव्हान्सचा खराखुरा प्रोसेसर आहे. गेम तिथेच चालतो. गेमक्यूब फक्त तीन कामं करतो: तयार झालेलं चित्र उचलून टीव्हीला देतो, आवाज देतो आणि कंट्रोलरची बटणं खाली पोचवतो. ही तीन कामं करणारा प्रोग्राम डिस्कवर असतो. म्हणून डिस्क नसेल तर प्लेअर नुसता पडून राहतो, गेमक्यूबला त्याचा पत्ताही लागत नाही. आणि म्हणूनच चित्र किती मोठं, किती स्पष्ट, बटण दाबल्यावर किती उशिराने हालचाल होणार, हे सगळं त्या प्रोग्रामवर अवलंबून असतं. हार्डवेअर उत्तम आहे, कच्चा दुवा आहे तो डिस्कवरचा प्रोग्राम. तो चित्र थोडं धूसर करतो, प्रमाणात न बसणारं मोठं करतो आणि बटणांना जाणवेल इतका उशीर लावतो.

त्याच्या जागी गेम बॉय इंटरफेस नावाचा होमब्रू, म्हणजे हौशी लोकांनी बनवलेला, प्रोग्राम वापरायचा. लोक त्याला जीबीआय म्हणतात. तो एक छोटी डीओएल फाइल (गेमक्यूबच्या प्रोग्रामची फाइल) असते, एसडी कार्डवरून चालते आणि त्याला मूळ डिस्क लागत नाही. डिस्कला रीजन लॉक असतो (एका प्रदेशाची डिस्क दुसऱ्या प्रदेशाच्या कन्सोलवर चालत नाही), तोही प्रश्न इथे मिटतो, कारण प्लेअरच्या हार्डवेअरला आणि कार्ट्रिजेसना रीजन नाही.

आता जोडणी. गेमक्यूब उलटा करा. तळाला हाय-स्पीड पोर्टवर प्लास्टिकचं झाकण असतं, ते काढा आणि जपून ठेवा. प्लेअर त्या पोर्टवर सरळ खाली दाबून बसवा, तिरका घालू नका. मग त्याचे दोन मोठे स्क्रू नाण्याने फिरवून घट्ट करा, दोन्ही थोडे थोडे आलटून पालटून. एकच बाजू आधी पूर्ण आवळली की कनेक्टर एका टोकाला उचलला जातो आणि मग प्लेअर मधूनच दिसेनासा होतो. गेमक्यूबची दोन मॉडेल्स आहेत, डीओएल-००१ आणि डीओएल-१०१. तळाच्या लेबलवर क्रमांक असतो. हाय-स्पीड पोर्ट दोन्हींवर आहे, त्यामुळे प्लेअर दोन्हींना चालतो. फरक पडतो तो चित्राच्या केबलमध्ये, तो पुढे. पॅनासॉनिकच्या क्यू मॉडेलला मात्र वेगळ्या आकाराचा प्लेअर लागतो. वी कन्सोलवर गेमक्यूबचे गेम चालत असले तरी तिला हा पोर्टच नाही, तेव्हा तिच्यावर प्लेअर बसवण्याचा विचार सोडून द्या.

यानंतर खरा अडसर: गेमक्यूबला एसडी कार्डवरचा प्रोग्राम चालवायला लावणं. कार्डासाठी एसडी गेको नावाचं ॲडॉप्टर मिळतं, ते मेमरी कार्डच्या बी खाचेत बसतं. प्लेअर तळाला असला तरी त्याला अडचण होत नाही. कार्ड ३२ जीबी किंवा त्याहून लहान घ्या आणि फॅट३२ मध्ये फॉरमॅट करा. त्यावर स्विस हा लोडर आणि जीबीआयची फाइल ठेवा. स्विस म्हणजे गेमक्यूबचा फाइल मॅनेजर समजा: कार्ड उघडायचं, जीबीआयची फाइल निवडायची, ए दाबायचं, झालं.

स्विस सुरू करायचे तीन रस्ते आहेत. सगळ्यात पक्का रस्ता पिकोबूट. रास्पबेरी पाय पिको हा छोटा बोर्ड गेमक्यूबच्या आत बसवून पाच तारा सोल्डर करायच्या. कन्सोल उघडायला ४.५ मिलिमीटरचा गेमबिट लागतो, साध्या स्क्रू-ड्रायव्हरने ते स्क्रू निघत नाहीत. तारा आखूड ठेवा. लांब, लोंबत्या तारांमुळे कधी सुरू होतो, कधी काळा पडदा येतो, असला छळ होतो. पिकोवर फर्मवेअर चढवल्यावर तो एसडी कार्डच्या मुळाशी आयपीएल डॉट डीओएल (ipl.dol) या नावाची फाइल शोधतो, म्हणून स्विसच्या फाइलला तेच नाव द्यायचं. कन्सोल फक्त प्लेअरसाठीच ठेवणार असाल तर जीबीआयलाच ते नाव द्या. मग पॉवर दाबताच थेट कार्ट्रिज सुरू होतं, मध्ये कसलाही मेन्यू येत नाही. पिकोबूट घातला की गेमक्यूबच्या डिस्क ड्राइव्हची गरजही संपते. जुन्या कन्सोलांमध्ये ड्राइव्हची लेझर आधी दमते, तेव्हा हा फायदा मोठा आहे.

सोल्डरिंग नको असेल तर सेव्ह फाइलचा मार्ग आहे. काही ठरावीक गेम्सची मुद्दाम बिघडवलेली सेव्ह फाइल मेमरी कार्डवर ठेवली की ती लोड होताना स्विस सुरू होतो. यात तीन अटी आहेत: तो गेम मूळ डिस्कवर हवा, सेव्ह फाइल त्याच रीजनची हवी आणि ती मेमरी कार्डवर चढवण्याची सोय हवी. ही सोय बहुतेक वेळा वी कन्सोलवर होते. गेमक्यूबच्या खाचा असलेली वी होमब्रूसाठी तयार केलेली असेल, तर जीसीएमएम या प्रोग्रामने एसडी कार्डवरून मेमरी कार्डवर फाइल उतरवता येते. तिसरा रस्ता ॲक्शन रिप्लेची एसडी लोडर असलेली डिस्क. चालते, पण दर वेळी डिस्क फिरण्याची वाट पाहावी लागते. नुसती डिस्क बर्न करून घातली तर ती चालणार नाही, त्यासाठी आत मॉडचिप (डिस्कची तपासणी चुकवणारी चिप) हवी. मॉडचिपच लावायची असेल तर पिकोबूट जास्त उपयोगाचा.

चित्राचा विषय सविस्तर सांगण्यासारखा आहे, कारण बहुतेकांची निराशा इथे होते. ॲडव्हान्सचं चित्र २४० बाय १६० पिक्सेलचं. जुन्या ट्यूब टीव्हीवर सर्वोत्तम निकाल २४०पी (२४० ओळी, दर वेळी सगळ्या एकदम) मध्ये मिळतो: गेमची एक ओळ म्हणजे टीव्हीची एक ओळ. २४० पैकी १६० ओळी वापरल्या जातात, वर-खाली ४०-४० ओळी काळ्या राहतात. चित्र लहान वाटतं, पण इतकं स्वच्छ दुसऱ्या कशात येत नाही. मूळ डिस्क हे देतच नाही. जीबीआय देतो, आणि त्या एका कारणासाठीसुद्धा तो बसवावा.

नव्या सपाट टीव्हीवर गणित बदलतं. पुष्कळ टीव्ही २४०पी सिग्नलला ४८०आय (४८० ओळी, एकाआड एक दाखवलेल्या) समजतात आणि दोन ओळी एकमेकांत मिसळून चित्र थरथरवतात, काही तर सिग्नल घेतच नाहीत. तिथे ४८०पी (४८० ओळी एकदम) वापरा आणि झूम पूर्ण अंकात ठेवा. दुप्पट केलं तर ३२० ओळी होतात, तिप्पट केलं तर बरोबर ४८०, म्हणजे पडदा उंचीला काठोकाठ भरतो. मधला कुठलाही आकडा, समजा अडीच, घेऊ नका. अडीचपट झूममध्ये काही ओळी दोन पट होतात आणि शेजारच्या तीन पट. पोकेमॉनच्या संवादाच्या चौकटीत हे लगेच दिसतं: अक्षरांची आडवी रेघ एका ठिकाणी बारीक, दुसऱ्या ठिकाणी जाड. आणि पडदा सरकायला लागला की त्या जाड-बारीक ओळी जागा बदलतात, जमीन लाटांसारखी हलल्यासारखी वाटते. हे लपवण्यासाठी फिल्टर लावला की चित्र धूसर होतं. मूळ डिस्कने नेमकं तेच केलं आहे.

४८०पी साठी केबल कोणती? डीओएल-००१ मॉडेलच्या मागे डिजिटल एव्ही पोर्ट आहे. निन्टेन्डोच्या मूळ कंपोनंट केबलमध्ये चिप आहे, तिच्यामुळे ती दुर्मिळ आणि महाग झाली. आता तिची गरज नाही. जीसीव्हिडिओ या खुल्या प्रकल्पावर आधारित एचडीएमआय ॲडॉप्टर त्याच पोर्टला बसतात आणि थेट डिजिटल चित्र देतात. डीओएल-१०१ वर हा पोर्ट नाही. तिथे अ‍ॅनालॉग पोर्टवरच समाधान मानावं लागतं: एनटीएससी (अमेरिकन-जपानी) कन्सोलवर एस-व्हिडिओ, पॅल (युरोपीय) कन्सोलवर आरजीबी स्कार्ट केबल. साधी पिवळी कंपोझिट केबल शेवटचा पर्याय ठेवा, बारीक अक्षरांच्या कडांना त्यात रंग फुटतात. अजून कन्सोल घेतला नसेल, तर लेबल बघून डीओएल-००१ च घ्या. नुसतं वरून बघून फरक कळत नाही, मागे दोन पोर्ट आहेत की एक ते मोजा.

एक बारीक झटका जाणवेल, त्याचं कारण असं. ॲडव्हान्स सेकंदाला ५९.७३ चित्रं काढतो आणि टीव्हीचा सिग्नल ५९.९४ मागतो. दर पावणेपाच सेकंदांच्या आसपास एक चित्र दोनदा दाखवावं लागतं. एका वेगाने सरकणाऱ्या पार्श्वभूमीवर तो हिसका डोळ्याला दिसतो. हा दोष नाही आणि केबल बदलून तो जाणार नाही. जीबीआयच्या वेगवेगळ्या आवृत्त्या आहेत. साधी आवृत्ती सर्वात जास्त सोयी देते. कमी उशिराची आणि अतिकमी उशिराची अशा दोन आवृत्त्यांत काही सोयींवर पाणी सोडून बटणाचा प्रतिसाद जलद केला आहे. सुरुवात साध्या आवृत्तीने करा. उड्या मारण्याचे किंवा तालावर बटणं दाबायचे गेम खेळणार असाल तर बाकीच्या दोन करून पाहा, आणि टीव्हीला सिग्नल पटला नाही तर साध्यावर परत या. टीव्हीचा गेम मोड चालू करायला विसरू नका. टीव्ही स्वतः चित्रावर प्रक्रिया करत बसला तर जीबीआयने वाचवलेला वेळ तिथेच खर्च होतो.

रंग भडक आणि फिके दोन्ही एकदम वाटले तर घाबरू नका. पहिल्या ॲडव्हान्सच्या पडद्याला मागून प्रकाश नव्हता, म्हणून गेम बनवणाऱ्यांनी रंग मुद्दाम उजळ ठेवले. टीव्हीवर तेच रंग डोळ्यांवर येतात. टीव्हीची रंगाची पातळी आणि उजेड दोन्ही थोडे खाली आणा.

साध्या गेम बॉयची कार्ट्रिजेस प्लेअरमध्ये घातली की गेम बॉय कलरप्रमाणे त्यांना रंग मिळतात. सुरुवातीचा लोगो दिसत असताना दिशेचं बटण आणि ए किंवा बी दाबून रंगसंगती बदलता येते. डावीकडे आणि बी एकदम दाबलं तर शुद्ध करड्या छटा मिळतात, मला विचाराल तर बहुतेक जुन्या गेम्सना त्याच शोभतात. खेळताना एल किंवा आर दाबल्यावर चित्र अचानक आडवं ताणलं गेलं तर तो बिघाड नव्हे, ॲडव्हान्सची मूळ सोय आहे. दुसऱ्या बाजूचं बटण दाबा, पूर्ववत होईल. गेमक्यूबच्या कंट्रोलरचं दिशेचं बटण फार लहान आहे, लांब खेळात अंगठा दुखतो. होरीने प्लेअरसाठीच एक डिजिटल पॅड काढला होता, सुपर निन्टेन्डोच्या पॅडच्या धर्तीचा. मिळाला तर जरूर घ्या. मात्र मूळ कंट्रोलर काढून टाकू नका: मारिओ अँड लुईजी: सुपरस्टार सागा आणि पोकेमॉन पिनबॉल: रुबी अँड सफायर यांसारखे मोजके गेम प्लेअर ओळखतात आणि कंट्रोलर थरथरवतात. हातात धरायच्या ॲडव्हान्सवर हे मिळत नाही.

काय चालणार नाही? गेम बॉय ॲडव्हान्स व्हिडिओची कार्ट्रिजेस प्लेअरला नकार देतात, कारण टीव्हीला जोडलं की त्यांची नक्कल करता आली असती. कार्ट्रिज हलवून किंवा तिरपं करून खेळायचे गेम, जसे किर्बी टिल्ट एन टंबल किंवा वॉरिओवेअर: ट्विस्टेड, सुरू होतात, पण अख्खा गेमक्यूब उचलून वाकवावा लागतो, म्हणजे व्यवहारात नाहीच. बोक्ताई या गेमला ऊन लागतं, तेव्हा तोही हातातल्या यंत्रावरच खेळावा.

आता सुपर गेम बॉय. १९९४ साली आलेलं हे ॲडॉप्टर सुपर निन्टेन्डोच्या खाचेत बसतं आणि त्याच्या डोक्यावर गेम बॉयचं कार्ट्रिज. आत गेम बॉयचाच प्रोसेसर आहे. गेम बॉयचं १६० बाय १४४ चं चित्र २५६ बाय २२४ च्या पडद्यावर मधोमध बसतं, भोवती नक्षीची चौकट. जे गेम याच्यासाठी खास तयार केले गेले, त्यांत ही चौकट आणि रंग गेमच पुरवतो. १९९४ चा डाँकी काँग त्याचं सर्वोत्तम उदाहरण, पोकेमॉनच्या रेड-ब्लू मध्येही ते आहे. गेम बॉय प्लेअरवर यातलं काहीही दिसत नाही, कारण तिथे कार्ट्रिजला समोर ॲडव्हान्स दिसतो. बाकीच्या गेम्ससाठी एल आणि आर एकदम दाबून मेन्यू उघडा, तयार ३२ रंगसंगती आहेत.

त्याचा मोठा दोष वेगाचा आहे. त्याला स्वतःचं घड्याळ नाही, सुपर निन्टेन्डोच्या २१.४७७ मेगाहर्ट्झच्या घड्याळाला पाचने भागून तो काम चालवतो. त्यातून ४.२९५ मेगाहर्ट्झ मिळतात, आणि गेम बॉयला हवेत ४.१९४. म्हणजे गेम सुमारे २.४ टक्के जलद. तासाभराचा खेळ साडेअठ्ठावन्न मिनिटांत उरकतो आणि संगीतही थोडं वरच्या पट्टीत चढतं. पॅल कन्सोलवर हाच फरक दीड टक्का आहे. ज्यांना धून पाठ आहे त्यांना लगेच खटकतं. १९९८ साली फक्त जपानमध्ये आलेल्या सुपर गेम बॉय २ मध्ये स्वतंत्र क्रिस्टल बसवून हे दुरुस्त केलं, शिवाय पहिल्यात नसलेला लिंक केबलचा पोर्टही दिला. निवड करायची वेळ आली तर दुसराच घ्या. जपानी कार्ट्रिजचा आकार अमेरिकन सुपर निन्टेन्डोच्या खाचेतल्या दोन प्लास्टिकच्या खिट्यांना अडतो, त्या कापाव्या लागतात. पॅल कन्सोलवर लॉकआउट चिपचा (दुसऱ्या प्रदेशाची कार्ट्रिजेस अडवणाऱ्या चिपचा) अडथळा वेगळा.

गेम बॉय कलरची काळी कार्ट्रिजेस सुपर गेम बॉयमध्ये चालतात, पारदर्शक चालत नाहीत, फक्त सूचना दाखवून थांबतात. पोकेमॉन गोल्ड-सिल्व्हर चालतील, क्रिस्टल नाही. आणखी एक: सुपर निन्टेन्डोचे पिक्सेल टीव्हीवर चौकोनी नसून थोडे रुंद दिसतात, त्यामुळे वर्तुळं जराशी चपटी वाटतील.

निन्टेन्डो ६४ च्या ट्रान्सफर पॅकबद्दलही विचारणा होते. कंट्रोलरला गेम बॉयचं कार्ट्रिज जोडणारा तो तुकडा खेळण्यासाठी नव्हे, माहिती पोचवण्यासाठी आहे. अपवाद पोकेमॉन स्टेडियमचा: त्यातल्या जीबी टॉवरमध्ये तुमचं पोकेमॉन कार्ट्रिज टीव्हीवर खेळता येतं. बाकी गेम नाहीत. वी असेल तर तिच्यावर एमजीबीए हा एम्युलेटर चांगला चालतो, पण तिथे कार्ट्रिज लागत नाही. स्वतःच्या कार्ट्रिजची रॉम (गेमची फाइल) आणि सेव्ह आधी डंपरने, म्हणजे कार्ट्रिज वाचून संगणकावर उतरवणाऱ्या यंत्राने, काढून घ्यावी लागते.

शेवटी, सगळं बरोबर जोडूनही गेम सुरू होत नाही तेव्हा. ॲडव्हान्सचा लोगो येऊन तिथेच अडकला, किंवा गेम बॉयचा लोगो तुकड्यातुकड्यांत दिसला, तर दहातल्या नऊ वेळा कार्ट्रिजच्या पिना मळलेल्या असतात. लोगो स्वतः कार्ट्रिजमधून वाचला जातो, म्हणून पिनांची स्थिती तिथेच कळते. तोंडाने फुंकर मारू नका, ओलाव्याने पिना गंजतात. कापसाच्या काडीला ९० टक्क्यांहून जास्त तीव्रतेचं आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पिनांवर उभ्या दिशेने घासा, काडी काळी यायची थांबेपर्यंत काड्या बदला आणि पूर्ण वाळू द्या. ॲडव्हान्सची कार्ट्रिजेस नीट चालतात पण जुनी गेम बॉयची एकही चालत नाही, असं असेल तर प्लेअरच्या खाचेतला छोटा स्विच तपासा. रुंद कार्ट्रिजने तो दाबला गेला की यंत्र ५ व्होल्टच्या जुन्या पद्धतीकडे वळतं, ॲडव्हान्सला ३.३ व्होल्ट लागतात. धूळ बसून तो अडकतो. चालू असताना कार्ट्रिज कधीही काढू-घालू नका.

सेव्ह गेमक्यूबच्या मेमरी कार्डवर जात नाही, कार्ट्रिजमध्येच राहते. जुन्या गेम बॉय कार्ट्रिजेसमध्ये ती आतल्या बटण-बॅटरीवर जिवंत असते. पोकेमॉन गोल्ड-सिल्व्हरमध्ये घड्याळही त्याच बॅटरीवर चालतं, म्हणून त्यांची बॅटरी लवकर संपते. त्यांत सीआर२०२५ असते. रुबी, सफायर आणि एमराल्डमध्ये आतली बॅटरी संपल्याची सूचना आली तर सेव्ह सुरक्षित आहे, फक्त वेळेवर चालणाऱ्या गोष्टी थांबतात. बदलताना पत्र्याचे टॅब आधीच वेल्ड केलेली बॅटरी घ्या, साध्या सेलवर थेट सोल्डर करू नका, तो तापून फुटू शकतो. गेम बॉय कार्ट्रिजचा स्क्रू ३.८ मिलिमीटर गेमबिटने निघतो, ॲडव्हान्सचा तीन पात्यांच्या ट्रायविंगने. आणि बॅटरी काढण्याआधी डंपरने सेव्ह काढून ठेवा, कारण जुनी बॅटरी निघताक्षणी जुन्या कार्ट्रिजमधली सेव्ह पुसली जाते.